ग्रुबेंचा स्वतःचा कोट

मी कोट आहे, जाड करड्या लोकरीचा. माझे मालक आल्विन ग्रुबे. सिनेमात तुम्ही त्यांना पाहिलं असेल, नाव मात्र आठवणार नाही. कधी दार उघडणारा नोकर, कधी टॅक्सीवाला, कधी सुरुवातीलाच मरून पडलेला. मला तर तुम्ही कधीच पाहिलेलं नाही.

लाइप्झिगच्या शिंप्यानं मला शिवलं, ग्रुबेंच्या बायकोनं, इल्झेबाईंनी, पसंत केलं. खिशाचं अस्तर उसवलं की त्याच टाके घालायच्या. त्या गेल्या तेव्हापासून कुणी सुई हातात घेतली नाही.

आमच्याकडे नाटकवाल्यांची एक रीत आहे. स्वतःचा कोट घालून रंगमंचावर जायचं नाही. तसा जातो तो काम सुटलेला नट, परत न येणारा. ग्रुबे नाटकातून सिनेमात आले, तरी रीत पाळली. दाराशी मला खुंटीला अडकवायचे, खांद्यावर थोपटायचे आणि कुणाचा तरी कोट चढवून उजेडात जायचे. मी रुसलो नाही. रीत ती रीत.

यंदा बर्लिनच्या एका मालिकेत त्यांना काम मिळालं, आल्विन ग्रुबे नावाच्या पडेल नटाचं. म्हटलं, स्वतःचंच सोंग आहे, आता तरी आपली पाळी. तर मालिकावाल्यांनी नवा कोरा कोट आणला आणि कानशीनं घासून जुना केला. तेव्हापासून माझं डोकं तापलंय.

कपडेपटाच्या ट्राउडलबाई म्हणाल्या, "अहो ग्रुबे, माझ्यावर नका डोळे वटारू. तुमचा स्वतःचा कोट खरा वाटत नाही, असं दिग्दर्शकांचं म्हणणं."

"आणि मी?"

"तुमच्याबद्दल अजून ठरायचंय."

दिग्दर्शक यानिक, नातवाच्या वयाचा. शूटिंगवर सगळेच एकमेकांना अरेतुरे करतात, तरी मला ते टोचतं.

"आल्विन, जरा केविलवाणा हो की. घरी असा ताठ बसतोस?"

"हो."

"लोकांना पटायचं नाही. बरं, इथं तू मेलेल्या बायकोचं नाव विसरतोस. लोक हसतील."

"मी इल्झेचं नाव विसरत नाही."

"अरे, तू नाही. ग्रुबे विसरतो."

ग्रुबेंनी तो घासलेला कोट काढून नीट घडी करून खुर्चीवर ठेवला. खुंटीपाशी येऊन मला चढवलं आणि कॅमेऱ्यासमोरून, या दारातून त्या दाराकडे, सरळ चालत गेले. ट्राउडलबाई जुन्या नाटकातल्या. त्यांना कळलं, त्या उभ्या राहिल्या.

मागून यानिक म्हणाला, "कॅमेरा बंद करू नका. बघा, आता कसा ग्रुबे वाटतोय."

ते चालणं त्यांनी मालिकेत ठेवलंय. आयुष्यात पहिल्यांदा मी पडद्यावर आलो, तोही पाठमोरा. लोक म्हणतात, म्हाताऱ्यानं शेवटी काय काम केलं.

आता मी घरच्या खुंटीवर असतो. ग्रुबेंना कुणी बोलावत नाही. तुम्ही ती मालिका बघाल, खुशाल बघा. पण त्याला काम म्हणू नका. त्यांचा हात खिशात होता. फाटक्या अस्तरात इल्झेबाईंचे जे थोडे टाके उरलेत, ते त्यांनी मुठीत धरले होते.