माझ्या अंगावरची तार

मित्रांनो, मी एक जुना कपॅसिटर आहे. विजेचा भार साठवायचा आणि वेळ आली की सोडायचा, हे माझं काम. दिसायला तळहाताएवढी जाड, तपकिरी चकती. दोन्ही अंगांना एकेक पितळी खुंटी आणि त्या खुंट्यांना जोडणारी तांब्याची तार. ही तार दागिना नव्हे, तिचीच गोष्ट सांगतो.

माझा जन्म पांढऱ्या भुकटीतून झाला. मला दाबलं, कपबशीसारखं भट्टीत भाजलं, वर चांदीचा मुलामा दिला. मग मूतखडा फोडण्याच्या यंत्रात माझी नेमणूक झाली. थेंबे थेंबे तळे साचे, तसा मी भार साठवायचो आणि एका क्षणात सगळा सोडायचो. अशा शेकडो दणक्यांनी पोटातल्या खड्याचा भुगा व्हायचा. कळा सोसत वाकून आलेली माणसं ताठ चालत घरी जायची आणि आभार डॉक्टरांचे मानायची. चालायचंच.

त्या यंत्राची दुरुस्ती बाप-लेक करायचे. बाबांनी लेकीला पहिला धडा दिला तो माझाच. "वीज बंद केली म्हणजे हा रिकामा झाला असं समजू नकोस. भार जमिनीत सोडणारी ही अर्थिंगची दांडी लाव, थांब, परत लाव. मग तार बांध." सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तशी माझी गत आहे. एकदा रिकामं केलं तरी अंगात मुरलेला थोडा भार पुन्हा वर येतो. तार बांधलेली असली की तो साचत नाही.

यंत्र भंगारात निघालं तेव्हा बाबांनी मला मागून घेतलं आणि आपल्या दुरुस्तीच्या दुकानातल्या फळीवर ठेवलं. वर्षं गेली, माझ्यावर धूळ बसली. बाबांचं हृदय नाजूक झालं. विजेच्या कामाला हात लावायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. ऐकतील ते बाबा कसले!

एका दुपारी लेक बाहेर गेलेली पाहून त्यांनी मला खाली काढलं. "बघू, म्हाताऱ्यात अजून दम आहे का," म्हणत तार सोडली आणि मला भरलं. मीटरचा काटा चढला तसे ते खुदकन हसले. किती दिवसांनी कुणी माझ्याकडे पाहून हसलं होतं! मग त्यांनी दांडी एकदाच लावली आणि ते चहा घ्यायला गेले.

ते परतेपर्यंत माझ्यातला भार वर आला होता. ज्या हाताने मला भंगारातून उचललं, तोच हात आता माझ्याकडे येत होता, आणि ओरडायला मला तोंड नव्हतं.

"बाबा, हात मागे घ्या." लेक दारात उभी होती.

"अगं, रिकामा केलाय मी त्याला."

"किती वेळा?"

बाबांनी हात मागे घेतला. तिने दांडी टेकवली. टक्कन निळी ठिणगी उडाली. बाबा हळूच स्टुलावर बसले.

"विसरलो गं," ते म्हणाले.

"असू दे. मी नाही विसरले."

तिने थांबून पुन्हा दांडी लावली. तार बाबांनी स्वतः बांधली. मग हातोडी घेऊन त्यांनी दांडी अडकवायचा भिंतीवरचा खिळा उपटला. इतकी वर्षं तो त्यांच्या उंचीवर होता आणि लेक टाचा उंचावून दांडी काढायची. आता त्यांनी तो तिच्या खांद्याच्या उंचीवर ठोकला.

मित्रांनो, बंद पडलेल्या यंत्राला मेलेलं समजू नका. माझ्यावरची धूळ जरूर पुसा, पण जाणत्या माणसाला विचारून. आणि ही तार तेवढी सोडू नका. मला माणसं फार आवडतात.