नळाले हळदकुकू

गावात एवढ्या बाया होत्या, पन मोबाईलपुढं तोंड उघडाची खाज सुटली ते मलेच!

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्या गावात नळ आला. घरोघरच्या आंगनात एकएक तोटी. आमी बायांनी तोट्याइले हळदकुकू वायलं, नारळ फोडलं, वरून साखर वाटली. योजनेच्या ठेकेदाराचा मानूस होता मुकेश म्हनून. तो मोबाईल माह्यापुढं धरून म्हने, "काकू, तुमी दोन शब्द बोला." दोन शब्दात भागलं असतं त मी यशोदाबाई कायची? मी म्हनलं, "बाया हो, आता डोक्यावरचा पान्याचा गुंड गेला. माह्या दिपालीचं पयलं बाळंतपन आता माहेरीच करीन, नळाच्या पान्यानं नातवाले आंघोळ घालीन!" तवा पोरीले दिवसबी नव्हते गेले. देवानं ऐकलं, न सरकारनंबी ऐकलं.

मंग ग्रामसभा झाली. घरोघरी नळाचं पानी येते का, म्हनून विचारलं. येतच होतं, त सगळ्यायनं हात वर केले. भलत्या उत्साहात जुनी विहीर मुरुम टाकून बुजवली, पोट्टे पडतीन म्हनून. हापशीचे पाईप उपसले. त्या बुजवलेल्या विहिरीवर औंदा नवरात्रात देवी बसली. आमच्यासारखे शाहाने आमीच!

होळी झाली न नळ नुसता फुसफुस कराले लागला. योजनेच्या ज्या विहिरीतून टाकीत पानी चढे ते विहीरच आटली. आता नाल्याच्या रेतीत झिरा उकरून बसा न वाटीवाटीनं गढूळ पानी भरा. माह्या बाजूची रामबाई गोंडाची. ते न मी पहाटीच जाऊन बसतो. तिची गाय गाभन हाय, माही लेक. दोघीले पानी पायजे.

होय, दिपालीले दिवस गेले. जेठ महिन्यात पोट रिकामं होईन म्हने डाक्टर. न पयलं बाळंतपन माहेरी, हे काई मी सांगाची गोष्ट नाई. दिपालीची सासू, माही ईहीन सुलोचनाबाई, पिपरी मेघ्याले राह्यते. तिनं फोन केला, "तुमचा व्हिडिओ पाह्यला हो यशोदाबाई. आमचे तं गुडघे गेले. पोरीले घेऊन जा आता, तुमच्या घरी त नळ हाय." काय सांगू तिले? नळ हाय, पानी नाई? घरचं झालं थोडं न व्याह्यानं धाडलं घोडं, ते असं.

मी न रामबाई तालुक्याले गेलतो, टँकर मांगाले. तिथल्या साहेबानं ऐकून घेतलं, मंग आपला मोबाईल माह्याकडे फिरवला. पाह्यतो त काय, मीच! डोक्यावर पदर, हातात कुकवाचा करंडा, बत्तिशी दाखवून राह्यली.

"या तुम्हीच ना ताई?"

"हो जी."

"मग टँकर कसा बसेल? तुमच्या गावात घरोघरी नळ आहे. ग्रामसभेचा ठराव आहे. आम्ही खोटं बोललो होतो असं लिहून द्या, मग बघू. पण चौकशी लागेल. ज्यांनी ज्यांनी हात वर केले, त्या सगळ्यांची."

म्या म्हनलं, "साहेब, तवा खोटं नव्हतं जी. तवा पानी येत होतं."

"मग आता तक्रार ठेकेदाराकडे करा." न तो दुसऱ्या मानसासंग बोलाले लागला. कोनाचं काई चुकलं नाई, न आमच्या घशाले कोरड!

एसटीत रामबाई म्हने, "तुमच्या तोंडाले कुलूप काऊन नाई लावत जी भैय्याजी?" भैय्याजी म्हनजे आमचे हे. लय गरीब मानूस, बोलतच नाई. मले राग आला, पन बोलू काय? म्या शपथ घेतली, गिरडच्या टेकडीवरच्या बाबाले हात जोडून. म्हनलं, "रामबाई, आता कोनी मोबाईल घेऊन आला न, त खरं खरं सांगन. मंग फासावर द्या मले."

घरी येऊन दिपालीले फोन लावला. "माय, यंदा लय ऊन हाय इकडे. तिकडेच राह्य न. मी येतो तुह्याकडे, सगळं करतो."

पोट्टी म्हने, "आई, पयलं बाळंतपन हाय माहं. लोकाइच्या आया दारात वाट पाह्यतात, न तू नको म्हनतं?" न रडाले लागली. पान्याचं सांगतलं असतं त तिनं सासूले सांगतलं असतं, न सासूनं जलमभर उगाळलं असतं, का तुह्या मायनं मोबाईलवर फुशारकी मारली न घरात प्यायले थेंब नाई. मी म्हनलं, "ये माय, ये." तोंड दाबून बुक्क्याचा मार.

सोमवारी जावई तिले आनून सोडनार होते. न आयतवारी दुपारी मुकेश आला, जीप घेऊन. त्याच्या मांगं टँकरं. बाया धावल्या, बकेटा घेऊन! टँकरं आमच्याकडे पाह्यलेबी नाई, सीधे टाकीपाशी गेले न टाकीत रिकामे झाले.

मुकेश म्हने, "वरून विचारणा झाली आहे, गावात पाणी येतं का म्हणून. काकू, तुम्ही मागं बोलल्या तसंच बोला. नळ चालू, तुम्ही भरून राहिल्या, असं पाहिजे. कोणी आडवंतिडवं बोललं तर मी व्हॉल्व उघडत नाही. टाकी तशीच राहील."

माह्या जिभेवर शिव्या आल्या. म्हनलं, आता सांगतोच! कमरेले पदर खोचला. रामबाई आपल्या दारात उभी होती. तिनं घरातलं होतं नव्हतं भांडं तोटीखाली मांडलतं. गुंड, बकेट, परात, गायीची घमेली. गल्लीभर तसंच, घरोघरी भांडे मांडून बाया उभ्या, न साऱ्याइचे डोये माह्यावर.

रामबाईकडे पाह्यलं. शपथ तिच्यापुढंच घेतलती न.

ते हळूच म्हने, "बोला न जी यशोदाबाई. बोलून टाका."

न मी बोलली. डोक्यावर पदर घेऊन. "माह्या लेकीचं बाळंतपन माहेरीच होईन, आमच्या घरात नळ हाय."

मुकेश म्हने, "छान. फक्त जरा हसून, काकू. परत एकदा."

परत एकदा बोलली, हासून. मंग व्हॉल्व उघडला, न तोटी खोकली, न पानी आलं बाप्पा! मी ड्रम भरला, गुंड भरले, गंगाळ, डेगची, चहाचे कपसुद्धा भरले. गल्लीत बाया खिदळून राह्यल्या, पानी उडवून राह्यल्या. मलेबी खरंच हासू आलं, न त्याचीच मले आता शरम वाटते. कारन मुकेशचा मोबाईल तवाबी चालूच होता.

सोमवारी दिपाली आली. दारात तिच्या पायावर पानी घातलं, भाकरीचा तुकडा ओवाळून टाकला. पोट केवढं तिचं! आत आली न ड्रमाकडे पाह्यतच राह्यली.

"मायवं, एवढं पानी! न तू मले म्हने नको येऊ." डोये भरले तिचे. "सासूबाई म्हने, तुह्या मायले तू जड झाली. मलेबी आई, तसंच वाटलं वं."

मी तिले पोटाशी धरलं. दुसरं काय करू? आता खरं बोलली, त पोट्टी उद्याच उठून सासरी जाईन, न मायनं हाकललं हेच जलमभर मनात धरीन. न नाई बोलली, त हा ड्रम किती दिवस पुरीन?

ते आंग धुवाले बसली. मी बाहेर बसून तांब्याचा आवाज ऐकून राह्यली. भैय्याजी माह्याकडे पाह्यत होते, मी त्यायच्याकडे. घामानं लथपथ होऊन आलती लेक, बदाबदा पानी घेत होती न गाने म्हनत होती.

"आई, अजून एक बकेट दे न!"

"देतो माय."

दिली.

संध्याकाळी तिनं हात धुवाले आंगनातली तोटी फिरवली. तोटी फुसफुसली. "गेलं वाटते वं," ते म्हने. "कवा येते मंग?"

"येईन न सकाळी," म्या म्हनलं. हासून.

पोट्टीनं तोटी उघडीच ठेवली, न खाली बकेट सरकवली.