मुंगीच्या हाताखालून

विमानतळावर बायकांची झडती घेणाऱ्या बाईला सगळे मुंगी म्हणत. अंगानं म्हणाल तर चांगली दणकट, दारात उभी राहिली की दार भरायचं. पण बोटं अशी, की अंगावरून फिरून गेली तरी पत्ता लागायचा नाही. कॉलर, काख, पाठ, कंबर, पोटऱ्या. मोजून बावीस सेकंद, आणि बाई पडद्याबाहेर.

हातमोजे घालून, जाड कोटावरून, खिशातलं नाणं छापा पडलंय की काटा, हे ती सांगायची. चौघांनी हे डोळ्यांनी पाहिलंय, आणि पाचवा न पाहताच शपथ घ्यायला तयार आहे. एकदा एका बाईच्या खांद्यांवरून हात फिरवून ती म्हणाली, "बाई, घरी फोन करा. गॅस चालू राहिलाय तुमचा." बाई आधी भडकली, मग घाबरली, मग तिनं शेजारणीला फोन केला. कुलूप तोडून शेजारीण आत शिरली तेव्हा पातेल्याचं बूड तेवढं गेलं होतं. "कसं गं ओळखलंस?" असं सगळ्यांनी विचारलं, तर मुंगी म्हणाली, "खांद्यात गाठ होती. गॅसची गाठ मानेलगत असते. इस्त्रीची जरा खाली."

असे हात, आणि त्याच हातांनी तीन महिन्यांपूर्वी तिचं नाक कापलं होतं.

त्याचं असं की झडती घेणाऱ्यांचीही झडती असते. वरचं खातं अधूनमधून नकली प्रवासी पाठवतं. त्याच्या अंगावर कुठेतरी खोटं हत्यार दडवलेलं असतं. सापडलं तर तो हिरवं ओळखपत्र दाखवतो आणि तुम्ही पास. नाही सापडलं तर तो पलीकडे जाऊन साहेबांच्या टेबलावर ते ठेवतो आणि मग तुमची वरात. तीन महिन्यांपूर्वी एका नकली बाईनं अंबाड्यात प्लास्टिकचा सुरा खोवून आणला होता. मुंगीची बोटं टाचेपर्यंत गेली, पण अंबाड्यावर काही चढली नाहीत. साहेबांनी तो सुरा तिच्यासमोर धरला आणि म्हणाले, "अजून एक चूक, बाई, आणि हातमोजे जमा करायचे."

त्या दिवसापासून मुंगी नकली प्रवाशाची अशी वाट पाहत होती, की नवऱ्याचीही कुणी पाहिली नसेल.

तो दिवस उजाडला तेव्हा मात्र तिचं चित्त दुसरीकडे होतं. तिची भाची निघाली होती. बहीण गेल्यावर चार वर्षांच्या त्या पोरीला मुंगीनं पदरात घेतलं, आणि आता पोर नर्स होऊन दूरच्या इस्पितळात रुजू व्हायला चालली होती. पहिलंच विमान. सकाळी नऊच्या सुमाराला ती रांगेतून पडद्याआड आली.

"हात वर," मुंगी म्हणाली.

"मावशी, गुदगुल्या होतात गं."

"इथं मावशी नाही. इथं बाई."

"बरं, बाई. आमच्या मावशीनं सांगितलंय, खिडकीपाशी बस आणि अनोळखी माणसाशी बोलू नकोस."

"शहाणी आहे तुमची मावशी. वळा."

"पण तिला म्हणावं, मी पोचले की तिनं आधी रडायचं आणि मग फोन उचलायचा. दोन्ही एकदम केलं की मला काही ऐकू येत नाही."

मुंगीनं तिची कॉलर सारखी केली. बावीस सेकंदांच्या जागी चाळीस झाले. मग तिला ढकलल्यासारखं करून ती मोठ्यानं म्हणाली, "चला, पुढची."

पुढची बाई आली. पन्नाशीची, तपकिरी स्वेटर, चेहरा असा की पाठ फिरली की विसरावा. मुंगीचे हात पाठीवरून उतरले आणि कमरेच्या वर थबकले. स्वेटरखाली काहीतरी चपटं, पुस्तकाएवढं, पट्ट्यानं आवळून बांधलेलं. ना लाकूड, ना लोखंड. मळून ठेवलेल्या कणकेसारखं, दाबलं की दबणारं.

बाई हलली नाही. मान न वळवता हळूच म्हणाली, "सापडलं ना? शाबास." आणि खांद्यावरून हिरवं ओळखपत्र मागे धरलं. "पास झालात. आवाज करू नका, शेजारच्या पडद्याआडची परीक्षा बाकी आहे. तुमचा कागद साहेबांकडे दुपारपर्यंत येईल."

आता नियम काय आहे? ओळखपत्र असो नाहीतर राजाची मोहर असो, वस्तू सापडली की आधी लाल बटण दाबायचं, वस्तू ट्रेमध्ये ठेवायची आणि साहेबांना बोलवायचं. पण नियम भिंतीवर असतो आणि वहिवाट अंगात. नकली प्रवाशांनाच गाजावाजा नको असे. पाच वर्षं सगळ्यांचं असंच चाललं होतं, आणि कुणाचं काही बिघडलं नव्हतं. मुंगीनं ओळखपत्राचा हिरवा रंग पाहिला. त्यावरचा फोटो तिनं पाहिला नाही. तिच्या छातीवरचा तीन महिन्यांचा दगड उतरत होता, आणि दगड उतरताना माणूस फोटो बघत नाही.

"या," ती म्हणाली. चक्क हसून म्हणाली.

एक्स-रे मशीनच्या पडद्यावर डोळे लावून बसणाऱ्या चष्मेवाल्याला तिनं खूण केली. "पास."

"हात दाखव तुझे," चष्मेवाला म्हणाला, "सोन्यानं मढवायला हवेत."

"तू आधी तुझा चष्मा पूस. बोटांचे ठसे दिसतात इथून."

अर्धा तास ती हवेत होती. मग एक पोटुशी बाई आली, कमरेवर हात ठेवून, धापा टाकत. मुंगीची बोटं पोटऱ्यांवरून उतरली आणि डाव्या मोज्यात अडली. काहीतरी टणक, बोटभर लांब. बाईनं हिरवं ओळखपत्र काढलं आणि पोटाची उशी सारखी करत हसली. "भले. पास."

मुंगीही हसली. "एका दिवसात दोनदा? वरच्या खात्याचा माझ्यावर भारी जीव दिसतो."

"दोनदा कुठं? आज पहिलीच तुम्ही."

"मघाची ती स्वेटरवाली बाई."

"कोण स्वेटरवाली?" पोटुशी बाई म्हणाली. "या आठवड्यात इथं मी एकटीच आहे."

काहीतरी घोळ झाला असेल असं समजून ती बाई निघून गेली. मुंगी आपल्या दोन्ही पंजांकडे बघत उभी राहिली. तळव्यात अजून ते होतं. दबणारं, कोमट. इतका वेळ ते कोमट होतं हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं.

काचेवरच्या पाटीवर पोरीचं विमान लागलं होतं. प्रवासी चढायला वीस मिनिटं होती.

चष्मेवाल्याच्या टेबलावर दोन वस्तू होत्या, वीतभर अंतरावर. एक लाल बटण आणि एक फोन. बटण दाबलं असतं तर दारं बंद, विमानं जागच्या जागी, आणि साहेबांचा पहिला प्रश्न, "कुणी सोडली?" मुंगीनं फोन उचलला. बोटांनीच उचलला म्हणा. पोरीचा नंबर त्यांना पाठ होता.

"मावशी? अगं, रडून झालं का?"

"ऐक. विमानात बसू नकोस. काही विचारू नकोस, ऊठ आणि इकडे ये."

"का? काय झालं?"

"पोटात दुखतंय म्हण, काहीही म्हण. ये."

"पण अगं..." पोर अडखळली. तिचा आवाज फोनपासून जरा लांब गेला. "नाही हो काकू, मावशीचा फोन आहे. ती इथंच तपासणीला असते ना, ती म्हणतेय बसू नकोस. कळत नाही काय झालंय."

मग दुसरा आवाज आला, जवळून आणि अगदी मायेनं.

"द्या इकडे, मी समजावते." थोडी खरखर झाली. "मुंगीताई ना? तिनं तुमचं नावही सांगितलं. गोड आहे हो पोर. मघाशी रांगेत तिच्या मागंच होते मी, तुमचं बोलणं सगळं ऐकलं. म्हणून म्हटलं, हिच्याच शेजारी बसावं."

मुंगी म्हणाली, "तिला सोड."

"धरलंय कुणी? हे बघा, मला फक्त पोचायचंय. तुम्ही गप्प राहिलात तर पोर पोचेल, मी पोचेन, सगळे पोचतील. तुमची नोकरीही राहील. बटण दाबलंत तर मग मला इथंच उरकावं लागेल. तुम्ही शहाण्या आहात. माझ्या अंगाला हात लावून बघितलाय तुम्ही."

"काय झालं गं?" चष्मेवाल्यानं विचारलं. त्याच्यापलीकडे रांग उभी होती. बूट काढणारा एक म्हातारा. कडेवर मूल घेऊन एका हातानं पट्टा सोडणारी बाई. मूल मुंगीकडे बघत होतं.

गप्प राहिलात तर सगळे पोचतील. मुंगीनं ते वाक्य मनात दोनदा फिरवलं, काखेतून कमरेपर्यंत, आणि दोन्ही वेळा एकाच जागी बोटं थबकली. पोचण्यासाठी कुणी असलं काही पाठीला बांधून नेत नाही.

"मी सोडली," ती चष्मेवाल्याला म्हणाली. आवाज इतका मोठा होता की रांग गप्प झाली. "तपकिरी स्वेटर. पाठीला बांधलंय. माझ्या हातानं चाचपलं आणि माझ्या हातानं सोडली. आता ती पोरीच्या शेजारी बसलीये." आणि तिनं बटण दाबलं.

घंटा घणघणली. दारं धाडधाड लागली. कुणीतरी किंचाळलं, साहेब धावत सुटले. फोन अजून मुंगीच्या कानाला होता, आणि फोनमधून, पलीकडच्या टोकाहून, तीच घंटा तिला ऐकू येत होती.

"पोरी?"

मुंगीनं फोन दोन्ही हातांनी कानाशी दाबला.

"पोरी, ऊठ. पळ तिथून."

"मावशी," पोर अगदी हळू म्हणाली, "या काकूंनी माझा हात धरलाय."