बाल्जान आपांच्या पडद्याची कड

अल्माटीच्या स्टुडिओत तीस वर्षं मी सिनेमातली घरं सजवतेय. माझ्या सेटवरचा कुठलाही पेटारा उघडा, आत खरे, वापरलेलेच कपडे सापडतील, असा माझा तोरा. मेला तोच मला नडला.

या वेळी नव्या नवरीची खोली मांडायची होती. साती गावच्या बाल्जान आपांनी भिंतीवरचा भरतकामाचा पडदा उतरवून दिला. मुलाच्या, साकेनच्या लग्नासाठी त्यांनी तो तीन हिवाळे बसून भरला होता. साकेन आता कारागंडाच्या कोळशाच्या खाणीत असतो. जसाच्या तसा परत आण पोरी, एवढंच त्या म्हणाल्या. पन्नाशीतल्या मला पोरी म्हणणारं आता दुसरं कुणी उरलेलं नाही.

पडद्याची खालची कड अर्धवट होती. मेंढ्याच्या शिंगांची नक्षी मध्येच थांबलेली, पुढे कोरं कापड. दिग्दर्शक म्हणाला, काम अर्धं सोडल्यासारखं दिसतंय. झालं, माझे हात शिवशिवायला लागले. लाल दोरा आणला, चहाच्या पाण्यात बुडवून विटका केला आणि दोन दिवस बसून कड पुरी केली. आपांचा टाका जरा डावीकडे कलतो, मीही कलवला. वरच्या शिंगांतले सैल टाकेसुद्धा उसवून नव्याने घातले. सगळ्यांनी वाहवा केली आणि मी फुगले.

परत द्यायला गेले तेव्हा आपांनी पडदा मांडीवर पसरला आणि कडेवरून बोट फिरवलं. कोरी जागा काही लागेना. चहा ओतणारी सून थबकली, तेव्हा कुठे माझ्या टाळक्यात उजेड पडला. आमच्याकडे आई ती कड मुद्दाम सोडते. भरणं संपलं की ज्याच्यासाठी भरलं त्याचं आयुष्य सरलं, असं मानतात. माझ्या आईनेही माझ्या भावासाठी सोडली होती. मला ठाऊक नव्हतं म्हणायचीही सोय नाही. कॅमेऱ्यातून बघता बघता मी विसरले, याचीच जास्त लाज वाटली.

आपा चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी सुनेकडून कात्री मागून घेतली, चष्मा चढवला.

"तुझे टाके कुठले, दाखव."

मी वाकून पाहिलं. खिडकीशी नेऊन पाहिलं, उलटून पाहिलं. एवढी हुशारी केली होती मी!

"आपा, मलाच ओळखू येत नाहीत."

त्यांनी चांगलं वीतभर वरून उसवायला घेतलं. मी हात पुढे केला, म्हटलं, हे तर नक्की तुमचे आहेत.

"असू देत. माझे शंभर गेले तरी चालतील, तुझा एक राहायला नको."

मग मला कापड ताणून धरायला सांगितलं. मी धरलं. एकेक टाका कापताना त्या साकेनचं नाव घेत होत्या, आणि मला मान वर करवेना.