पुसलेल्या कॅसेटवरचा आवाज

मी शाळेतला टेपरेकॉर्डर बोलतोय. माझा प्लग भिंतीत नाही, तरी बोलतोय. ही खोड मला अलीकडेच लागली.

जिन्याखालच्या खोलीत माझं बिऱ्हाड. घरी वेगळी भाषा बोलणारी मुलं इथे रोज तासभर इंग्रजी शिकायला येतात. बाई मायाळू, पण नियमाला पक्क्या. दारावर पाटीच होती: इथे फक्त इंग्रजी. पहिल्या दिवशी मात्र बाई नव्या मुलाच्या घरच्या माणसाला त्याच्या भाषेत चार शब्द माझ्यात बोलायला लावायच्या. मूल घाबरलं की तो आवाज ऐकवायच्या. मूल रुळलं की त्याच कॅसेटवर इंग्रजीचा धडा भरायच्या. मलाही त्यात कधी वावगं वाटलं नाही.

एकदा एक मुलगी आली. तिच्या आईने माझ्याकडे वाकून मोजून अकरा वाक्यं म्हटली. पोरीने सहा महिने ब्र काढला नाही, नुसती त्या आवाजाला कान लावून बसायची. मग बोलू लागली आणि अशी बोलू लागली, की बाईंना आभाळ ठेंगणं झालं. आईच्या आवाजावर धडा चढला. पुढच्याच वर्षी आई वारली. बाईंच्या सल्ल्याने वडील घरीही इंग्रजीच बोलत.

काही वर्षांनी, गेल्या महिन्यात, मधल्या सुट्टीत ती आली. "बाई, मला आईचा आवाज ऐकायचाय."

बाईंचा चेहरा पडला. "त्यावर मी धडा भरला गं. चुकलंच माझं."

तिने तरी ती कॅसेट माझ्यात घातली आणि कळ दाबली. माझी चाकं फिरली.

आईच होती. अकरा वाक्यं झाली. मग बारावं आलं. शपथेवर सांगतो, ते माझ्यात कुणीही भरलं नव्हतं. एक लहानसा प्रश्न, मग शांतता. पुन्हा तोच प्रश्न. मला माझ्याच पोटाची भीती वाटली.

"ती काय विचारतेय?" पोरगी रडकुंडीला आली. "बाई, मला माझ्या आईचं काही कळत नाहीये!"

बाईंनाही कळेना. दारात सफाईवाल्या मावशी झाडू धरून उभ्या होत्या, पांढऱ्याफटक.

"आमचीच भाषा आहे ही," त्या म्हणाल्या. "जेवलीस का, विचारतेय."

"तुम्हाला येते? इतकी वर्षं बोलला नाहीत!"

"कुणी विचारलंच नाही, बाई. आणि दारावर पाटी."

"जेवले, असं कसं म्हणायचं?" मुलीने मावशींचा पदर धरला. मावशींनी सांगितलं. दोनदा अडखळून तिने ते माझ्याजवळ तोंड आणून म्हटलं. चाकं थांबली. पोरगी तिथेच बसून हुंदके देऊन रडली.

बाईंनी त्याच दिवशी पाटी उतरवली. मावशी आता रोज मधल्या सुट्टीत तिच्याशी बोलत बसतात. मला मात्र मोडीत काढायचं ठरलंय, आणि मी गयावया करतोय ती माझ्यासाठी नाही. कपाटात अजून तेहतीस कॅसेटी आहेत. तेहतीस घरांतले आवाज, सगळे पुसलेले. कालपासून तेही एकेक करून विचारू लागलेत. त्यांच्या भाषा इथे कुणालाच येत नाहीत. तुम्हाला एखादी येत असेल, तर लवकर या. ती माणसं उत्तराची वाट बघत थांबली आहेत.