पाठीवरचा रंग

आमचे हे भिंती रंगवणारे. हात साफ होता, घरोघरून बोलावणं यायचं. मग एकदा उघड्या अंगाला संघाचा निळा रंग फासून क्रिकेटच्या सामन्याला गेले आणि कॅमेऱ्याने नेमकं यांनाच उचललं. तेव्हापासून गल्लीत हे 'टीव्हीवाले काका'. भिंती राहिल्या बाजूला, अंगच रंगवत बसले.

साधा रंग घामाने ओघळतो म्हणून यांनी दारांखिडक्यांचा तेलरंग धरला. म्हणायचे, "चकाकतो बघ. कॅमेरा लांबूनही पकडतो." सामना संपला की हे मोरीत बसणार आणि मी टर्पेंटाइनच्या चिंधीने पाठ घासणार, कारण यांचा हात तिथवर पोचत नाही. खालची कातडी लिबलिबीत झालेली. चिंधीला सालं चिकटून यायची. मग त्या हाताने मला घास गिळवत नसे. डॉक्टर म्हणाले, बंद करा. हे हसले. "सुखासुखी नाव होतं का?"

यंदा अंतिम सामन्याआधी टीव्हीवरच्या माणसाचा फोन आला. मी शेजारीच होते. "काका, तेच तेच झालंय आता. काहीतरी नवीन आणा."

सामन्याच्या सकाळी सून कारखान्यात गेली, मी भाजी आणायला. परतले तर जिन्यातच तेलरंगाचा भपका. मोरीत आमची चिमणी, चार वर्षांची नात, नुसत्या चड्डीवर उभी. एक हात खांद्यापर्यंत निळा.

"आजी, चावतंय गं."

"अहो, लाज विकून खाल्लीत का?"

"ओरडू नकोस. आजोबा आणि नात, एका रंगात! सगळे बघत राहतील."

"आणि पोरीची कातडी?"

"एका दिवसाने काय होतंय?"

"तुमची पाठ तुम्हाला दिसत नाही. मला दिसते."

पोरीला उचलून खोलीत नेलं, कडी घातली. टर्पेंटाइन लावायची छाती होईना, म्हणून गोडं तेल चोळचोळून रंग काढला. तरी कोपराच्या आत लाल चट्टा उठलाच.

हे एकटेच गेले. चिमणीने हट्टाने टीव्ही लावला. कॅमेरा सारखा एका माणसावर जात होता. त्याने डोक्यावर जिवंत कोंबडा बांधला होता. उन्हाने कोंबड्याची मान लोंबत होती आणि टीव्हीवर सामना सांगणारे खिदळत होते. एकदाच त्याच्यामागे निळा खांदा दिसला. तोही अर्धा.

संध्याकाळी हे आले ते थेट मोरीत. सवयीने माझ्याकडे पाठ करून बसले.

"तुझ्यामुळे झालं. पोरगी असती तर तो कोंबडेवाला कुठल्या कुठे गेला असता."

चिंधी मी भिजवून हातात घेतली होती. ती तशीच यांच्या पुढ्यात टाकली.

"अगं, पाठ कोण पुसणार?"

"तुमचा कॅमेरा लांबूनही पकडतो ना? बोलवा त्याला."

बाहेर आले, दार ओढून घेतलं. आतून चिंधीचे फटके ऐकू येत होते. सगळे खांद्यापर्यंतच.