चौकात पळालेली आत्या

"पाहा! पाहा माझ्या दृष्टीचा प्रताप!" पडद्याशेजारी उभे राहून गावातले चमत्कारी बाबा गरजले आणि सगळं थिएटर उठून उभं राहिलं. चित्रपट मुका, त्यामुळे बोलायला बाबा मोकळे. पडद्यावर आमच्याच चौकातली सकाळ होती. कोपऱ्यात बाबा जपमाळ ओढत बसलेले, आणि त्यांच्यासमोरून माझी लंगडी आत्या तुरुतुरु चालली होती.

टाळ्यांनी माझं डोकं उठलं. हे चित्रण मीच केलेलं. रीळ पुरावं म्हणून कॅमेऱ्याचं हँडल हळू फिरवलं होतं. टिपताना चित्रं कमी टिपली आणि दाखवताना नेहमीच्या वेगाने दाखवली, की कुणीही पळतं. घोडागाडी सुसाट, झाडूवाला सुसाट, पण लोकांना दिसली ती फक्त आत्या!

"काठी टाकली मी," घरी ती म्हणाली. "आता कशाला हवी?"

"अगं, पुन्हा पडलीस तर खुब्याचं हाड जुळणार नाही. डॉक्टरांनी बजावलंय ना?"

"तुझ्या डॉक्टरांनी मला असं कधी चालवलं का?"

दुसऱ्याच दिवशी ती जिन्यात घसरली. शेजारणीने सावरलं म्हणून वाचली.

पुढच्या खेळाला मी प्रोजेक्टरचं हँडल मुद्दाम हळू फिरवलं. पडद्यावरची आत्या पाय ओढू लागली. "बघा, सगळी करामत या हँडलची आहे!" मी ओरडलो.

"शंकेखोराची नजर लागली! कृपा आटली!" बाबा कडाडले, आणि लोक माझ्यावरच धावून आले. कपाळावर हात मारून घेतला मी. मग गर्दीतून वाट काढत पुढच्या रांगेतल्या आत्याला हाताला धरून प्रोजेक्टरपाशी आणलं.

"तूच फिरव."

तिने भराभर फिरवलं. पडद्यावर ती पळाली, बाबांची जपमाळही गरगरा पळाली. कुणीतरी फिसकन हसलं. तिने हळू फिरवलं. ती लंगडली आणि बाबांनी ऐसपैस जांभई दिली.

"बाबा, तुमची कृपा आता माझ्या मनगटात आली का हो?" आत्याने विचारलं.

तिने पुन्हा एकदा हँडल जोरात फिरवलं. स्वतःला पळताना डोळे भरून पाहिलं. मग हात काढून घेतला.

"काठी आण रे माझी," ती म्हणाली.

बाहेर पडताना एकजण म्हणतच होता, "काही म्हणा, बाबांमध्ये काहीतरी आहेच." अशी चीड आली! अहो, डोळ्यांनी पाहिलंत, कबूल. पण हँडल कोण फिरवतंय, एवढं तरी विचाराल की नाही?